‘वीस टक्के चूक तुमची’: मोटार अपघात दावा प्राधिकरणाच्या सेवेचे परीक्षण

भरपाईचा आकडा काढण्यापुरते बोलायचे तर मोटार अपघात दावा प्राधिकरणात, म्हणजे बोलीतल्या एमएसीटीत, जितका उघड हिशेब मिळतो तितका दुसऱ्या कुठल्या कोर्टात क्वचितच मिळतो. मयताचे वय, उत्पन्न आणि घरात अवलंबून किती जण, एवढे कळले की रक्कम कागदावर मांडता येते. घोळ त्यापुढे आहे. निवाड्यात शेवटाकडे एक वाक्य येते, ‘मयताचा स्वतःचा निष्काळजीपणा २० टक्के धरण्यात येतो’, आणि त्या एका ओळीत सात-आठ लाख वजा होतात. बाकीच्या सेवेला बरे गुण देता येतील. ते खाली येतात या ओळीमुळे, म्हणून परीक्षणाचा मोठा भाग तिच्यावरच खर्च केला आहे.

आधी हिशेब, कारण त्याशिवाय टक्क्याचे वजन कळत नाही. समजा ३८ वर्षांचा सुतार, स्वतःचा धंदा, महिन्याचे उत्पन्न १८,००० रुपये. मागे पत्नी, दोन मुले आणि आई. वर्षाचे झाले २,१६,०००. स्वतःचा धंदा आणि वय चाळिशीच्या आत, म्हणून भविष्यातली वाढ ४० टक्के धरायची: ३,०२,४००. अवलंबून चार जण, म्हणून मयताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक चतुर्थांश वजा: २,२६,८००. ३६ ते ४० या वयोगटाचा गुणक, म्हणजे वर्षाची रक्कम जितक्या पटीने धरायची तो वयावरून ठरलेला आकडा, १५; झाले ३४,०२,०००. त्यात साहचर्य, म्हणजे जवळच्या माणसाची सोबत, गमावल्याचे माणशी ४८,४०० प्रमाणे १,९३,६०० आणि अंत्यविधीचा खर्च व इस्टेटीचे नुकसान यांचे प्रत्येकी १८,१५० मिळवायचे. एकूण ३६,३१,९०० रुपये. गुणक आणि वजावट २००९ च्या सरला वर्मा निकालातली, वाढीचे टक्के आणि ठोक रकमा २०१७ च्या प्रणय सेठी निकालातल्या. ठोक रकमा दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढतात. इथले आकडे २०२३ ची वाढ धरून आहेत.

आता गंमत बघा. याच हिशेबात महिन्याचे उत्पन्न दोन हजारांनी जास्त सिद्ध झाले, तर रक्कम ३,७८,००० ने वाढते. आणि चुकीचा वाटा दहा टक्क्यांनी कमी झाला, तर ३,६३,१९० वाचतात. म्हणजे दोन्हींचे वजन जवळपास सारखे. पण उत्पन्नाचा दाखला मिळावा म्हणून घरची माणसे तहसीलला महिनोन्महिने खेटे घालतात, आणि घटनास्थळाचा नकाशा दावा दाखल होईपर्यंत एकदाही उघडून पाहत नाहीत.

टक्का ठरतो कुठे

वकिलाच्या युक्तिवादात तो थोडाफार हलतो; ठरतो मात्र पहिल्या काही दिवसांत, तीन कागदांवर.

पहिला कागद दवाखान्याचा केस पेपर. जखमीला घेऊन येणारा माणूस घाबरलेला असतो. पोलीस केस झाली तर उपचार अडतील अशी त्याला धास्ती असते, म्हणून तो कॅज्युअल्टीत सांगतो, ‘गाडी घसरली.’ डॉक्टर हिस्टरीच्या रकान्यात तेच लिहितात. चार दिवसांनी फिर्याद होते, तिच्यात ट्रकने धडक दिल्याचे येते. विमा कंपनीचा वकील उलटतपासणीत फक्त हा केस पेपर पुढे करतो. अशा दाव्यात टक्का राहतो बाजूला, ट्रक तिथे होता की नव्हता यावरच वर्ष जाते. हिस्टरीत वाहनाचा प्रकार आणि धडक कुठून बसली एवढे दोन शब्द बरोबर पडले पाहिजेत. ‘दारूचा वास’ अशी नोंद असेल तर रक्ततपासणी झाली का तेही तिथेच विचारावे. कायद्याची मर्यादा १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅम आहे. नुसत्या वासाच्या नोंदीवर दारू सिद्ध होत नाही, पण तिला कोणी आव्हान दिले नाही तर टक्का कापायला ती कामी येते.

दुसरा कागद फिर्यादीचा. महाराष्ट्रातल्या कुठल्याही ठाण्यातली अपघाताची फिर्याद घ्या, ‘भरधाव वेगात, हयगयीने, रस्त्याच्या परिस्थितीकडे दुर्लक्ष करून’ हे शब्द तिच्यात असतातच. जवळपास प्रत्येक फिर्यादीत असल्यामुळेच त्यांना वजन उरलेले नाही. वजन असते त्यांच्या आजूबाजूच्या तपशिलाला: वाहन कुठून कुठे चालले होते, कुठली लेन, कुठल्या भागाची धडक कुठल्या भागाला, दिवे चालू होते का, धडकेनंतर चालक थांबला की पळाला. ‘समोरून ट्रकने ठोकले’ आणि ‘साताऱ्याकडून कराडकडे जाणारा ट्रक दुभाजकाच्या मोकळ्या जागेतून अचानक उजवीकडे वळला, त्याच्या डाव्या चाकाजवळच्या भागाची धडक मोटारसायकलला बसली’ या दोन वाक्यांत दहा-वीस टक्क्यांचा फरक पडू शकतो.

तिसरा, आणि सर्वांत महत्त्वाचा, घटनास्थळाचा पंचनामा आणि त्यासोबतचा कच्चा नकाशा. रस्त्याची रुंदी, दोन्ही कडांपासून धडकेच्या जागेचे अंतर, ब्रेकच्या खुणांची लांबी, काचांचा खच आणि ऑइल कुठे सांडले, साइडपट्टी किती, पथदिवा होता का, हे त्यात यायला हवे. समोरासमोरच्या धडकेत ‘रस्त्याच्या मध्यभागी’ असे मोघम लिहिले गेले की पन्नास-पन्नासची शक्यता पुष्कळ वाढते. रस्ता सात मीटरचा असेल तर कडेपासून तीन मीटर की चार मीटर, यावर दाव्याचा निकाल फिरतो. वाहतूक मोकळी करण्यासाठी वाहने आधीच बाजूला घेतलेली असतील तर तसे पंचनाम्यात नोंदवून घ्यावे. हललेल्या वाहनांच्या जागेवरून चूक ठरवली जाऊ नये, हा मुद्दा मग पुढे मांडता येतो. पंचनाम्यातल्या वाहनांच्या स्थितीवरून, दुसरा पुरावा नसताना, मयताला दोष देता येत नाही असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितले आहे.

सीसीटीव्ही आता सगळीकडे आहेत, पण पेट्रोल पंप किंवा ढाब्यावरचे रेकॉर्डिंग पंधरा दिवस ते महिनाभरात पुसले जाते. त्या आठवड्यातच ठाण्यात लेखी अर्ज द्यावा आणि पोहोच घ्यावी. फुटेज पुराव्यात वाचले जायचे असेल तर भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र लागते. पेन ड्राइव्ह नुसता फायलीला जोडून भागत नाही.

पोलिसांकडून येणारा अहवाल ही या सेवेची कागदावर सुधारलेली, प्रत्यक्षात अडखळणारी बाजू. १ एप्रिल २०२२ पासूनच्या नियमांप्रमाणे पहिला अहवाल ४८ तासांत, अंतरिम ५० दिवसांत आणि सविस्तर ९० दिवसांत प्राधिकरणाकडे जायला हवा. तो वेळेत गेला तर त्याच्यावरच दाव्याचे काम सुरू होऊ शकते. त्याच्या भरवशावर बसू नये. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खालचा भरपाईचा अर्ज अपघातापासून सहा महिन्यांत दाखल करायचा आहे. या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेले आहे, पण आपल्या दाव्यावर तो प्रयोग कशाला? अर्ज अपघाताच्या ठिकाणी, अर्जदार राहतो किंवा धंदा करतो तिथे किंवा जाबदेणार, म्हणजे ज्याच्याविरुद्ध दावा आहे तो, राहतो तिथे टाकता येतो. ही सोय मात्र मनापासून चांगली आहे. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर अपघात झालेल्या लातूरच्या कुटुंबाला रायगडला हेलपाटे घालावे लागत नाहीत.

फिर्याद मयताविरुद्धच झाली असेल तर? दोघांपैकी एक गेला, दुसरा ठाण्यात जाऊन बोलला, की असे होतेच. आरोपी मयत म्हणून तपास ‘अ‍ॅबेटेड समरी’ने बंद होतो आणि घरचे समजतात, दावाही गेला. तो गेलेला नसतो. प्राधिकरणात फौजदारी खटल्याइतका काटेकोर पुरावा लागत नाही, शक्यतेचे पारडे कुठे झुकते एवढेच पाहतात. मात्र प्रत्यक्षदर्शी साक्षीदार उभा करावा लागतो आणि समोरच्या चालकाला पिंजऱ्यात यायला भाग पाडावे लागते. अंशदायी निष्काळजीपणा, म्हणजे आपलीही चूक होती, हे विमा कंपनीने नुसते कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, लिहून चालत नाही. पुरावा तिने द्यायचा असतो. ज्याला खरे काय ते माहीत आहे असा तिचा चालक साक्षीला आलाच नाही, तर त्याचा अर्थ तिच्याविरुद्ध काढावा असे लेखी युक्तिवादात ठळक लिहावे. निम्म्या दाव्यांत हे कोणी लिहितच नाही, अशी आमची तक्रार आहे.

नियम मोडला म्हणजे चूक झाली?

इथे अर्जदारच कच खातात. लायसन्स नव्हते, हेल्मेट नव्हते, तिघे बसले होते, हे ऐकले की ‘आपलीच बाजू लंगडी’ म्हणून मिळेल ते घ्यायला तयार होतात. कायद्याचा प्रश्न वेगळा आहे: त्या नियमभंगामुळे अपघात झाला का, किंवा त्यामुळे इजा वाढली का?

लायसन्स नसणे म्हणजे आपोआप निष्काळजीपणा नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्येच सांगितले आहे. उभ्या मोटारसायकलला मागून टेम्पोने उडवले, तर चालकाच्या खिशात लायसन्स असते तरी तेच झाले असते. मोटारसायकलवर तिघे असल्याच्या एका दाव्यात उच्च न्यायालयाने १० टक्के कापले होते. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये ती कपात रद्द केली: तिसरा बसल्याने तोल गेला किंवा इजा वाढली असे दाखवा, नुसता दंड होण्याजोगा गुन्हा पुरेसा नाही. हेल्मेटचेही तर्कशास्त्र हेच. पाय तुटला असेल तर हेल्मेटचा प्रश्न यायलाच नको. डोक्याला मार असेल तिथे मात्र वेगवेगळ्या न्यायालयांचे कल वेगळे आहेत आणि तिथे थोडी कपात होऊ शकते, हे मनात धरून चालावे.

रात्री महामार्गावर दिवे-रिफ्लेक्टर नसलेला बंद ट्रक उभा, मागून दुचाकी आदळते. पोलीस बहुतेकदा दुचाकीवाल्याला दोषी धरतात, ‘मागून आदळला’ म्हणून. असा दावा हातचा सोडू नये. गाडी धोकादायक रीतीने उभी करणे हा कलम १२२ चा भंग आहे. पार्किंग लाइट न लावता रस्त्यावर उभ्या राहिलेल्या गॅस टँकरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये मागून आलेल्या गाडीवर टाकलेला दोष काढून टाकला. इथे लागणारा पुरावा साधा असतो: ट्रकच्या मागच्या बाजूचे फोटो, मोटार वाहन निरीक्षकाच्या तपासणी अहवालात टेललॅम्पविषयी काय लिहिले आहे, आणि मागे झाडाची फांदी किंवा दगड ठेवला होता का. (फांदी म्हणजे इशाऱ्याचा त्रिकोण नव्हे, हे वेगळे सांगायला नको, पण कैफियतीत ती हमखास येते.) चालत्या गाडीला मागून आदळलात तर बाजू खरेच अवघड आहे. पुढच्याने ब्रेक मारला तरी थांबता येईल इतके अंतर ठेवणे हे मागच्याचे काम.

आणि तरीही पुढचा सुटतोच असे नाही. कोइम्बतूरजवळ जानेवारी २०१७ मध्ये महामार्गावर एका मोटारीने एकाएकी ब्रेक दाबला, मागचा मोटारसायकलस्वार विद्यार्थी तिच्यावर आदळून पडला आणि मागून आलेली बस त्याच्यावरून गेली; पाय गेला. प्राधिकरणाने मोटारीला पूर्ण मोकळे सोडले, बस ८० टक्के, विद्यार्थी २० टक्के. उच्च न्यायालयाने मोटार ४०, बस ३०, विद्यार्थी ३० केले. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मोटार ५०, बस ३०, विद्यार्थी २० असा शेवट केला. मोटारचालकाने गरोदर पत्नीला मळमळल्याचे कारण दिले होते. मागच्याला इशारा न देता महामार्गावर असे थांबणे त्याने माफ झाले नाही. घटना एक, पुरावा तोच, आणि मोटारीचा वाटा शून्यावरून पन्नासवर गेला. या सेवेची सर्वांत कमजोर जागा दाखवायला दुसरे उदाहरण नको. गुणकाला तक्ता आहे, टक्क्याला नाही. तो त्या खुर्चीतल्या माणसाच्या अंदाजावर राहतो.

मागे बसलेल्याचा टक्का कापू देऊ नका

या परीक्षणातले एकच वाक्य लक्षात ठेवायचे असेल तर हे. प्रवासी, मागे बसलेला, रिक्षातला, जीपमधला, यांच्या बाबतीत दोन चालकांच्या चुका म्हणजे संयुक्त निष्काळजीपणा. त्याची स्वतःची चूक नसते, म्हणून त्याच्या भरपाईतून काही वजा होत नाही. २०१५ च्या निकालाप्रमाणे तो पूर्ण रक्कम दोघांपैकी कुठल्याही एकाकडून वसूल करू शकतो. त्या दोघांनी आपसात काय वाटून घ्यायचे ते त्यांनी बघावे.

एकाच मोटारसायकलवर भाऊ चालवत होता, बहीण मागे. समोरच्या टेम्पोची चूक ७०, भावाची ३०. भावाच्या दाव्यात ३० टक्के कापले जाणार. बहिणीच्या दाव्यात एक पैसाही नाही. दोन्ही दावे एकाच वकिलाने, एकाच मजकुराने, नावे बदलून दाखल केलेले असतात, आणि कपातही दोन्हींत सारखीच मान्य होऊन जाते. बहिणीच्या अर्जात ‘संयुक्त निष्काळजीपणा’ हे शब्द स्वतंत्रपणे आलेच पाहिजेत. दोन्ही वाहनांचे मालक आणि विमा कंपन्या जाबदेणार म्हणून जोडाव्यात. कायद्याने एकावर भागते, पण सगळे समोर असले की वाटणीही त्याच निवाड्यात होऊन जाते आणि पुढची वसुली सोपी पडते. एक खाचखळगा इथेच आहे: भावाच्या मोटारसायकलची पॉलिसी फक्त थर्ड पार्टीची असेल तर तिच्यात मागे बसलेला येत नाही, पॅकेज पॉलिसीत येतो. म्हणून बहिणीने रोख टेम्पोच्या विमा कंपनीवर ठेवावा.

लहान मुलाने रस्त्यात धाव घेतली, तरी मोठ्या माणसाच्या मापाने त्याचा निष्काळजीपणा मोजत नाहीत. तिथेही कपात मागणारी कैफियत दिसली की हरकत घ्यायची.

चूक पूर्णपणे आपलीच असेल तर कलम १६६ खाली काही मिळत नाही, वारसांनाही नाही. मग उरते ते पॉलिसीतले मालक-चालकाचे १५ लाखांचे वैयक्तिक अपघात संरक्षण. ते घरच्यांच्या लक्षातच येत नाही, कारण ते प्राधिकरणाकडे न मागता थेट आपल्याच विमा कंपनीकडे मागायचे असते. कलम १६४ ची दोष न पाहता मिळणारी रक्कम, मृत्यूला ५ लाख आणि गंभीर दुखापतीला अडीच लाख, पटकन हाती पडते म्हणून मोह होतो. ती तडजोडीत स्वीकारली की कलम १६६ चा दावा संपतो. वरच्या सुतारासारख्या घराने ३६ लाखांचा दावा ५ लाखांत मिटवणे म्हणजे काय, ते सांगत नाही.

लोकअदालत

लोकअदालतीची सेवा चटपटीत आहे. रक्कम ठरली की निवाडा त्याच दिवशी, कोर्ट फी परत, पैसेही तुलनेने लवकर जमा. पायाचे हाड मोडले, चूक समोरच्याची उघड, बिले लाख-दीड लाखाची, अशा दाव्यांना इथेच मिटवावे. मोठ्या दाव्यात मात्र ‘तुमचीही चूक आहे ना’ हे वाक्य विमा कंपनीच्या टेबलावर भाव पाडायला वापरले जाते, आणि ते ऐकून घ्यायला अर्जदार एकटा बसलेला असतो.

सुताराचाच दावा घ्या. कंपनी ३० टक्के चूक धरून, आणखी थोडे खाली येऊन, २५ लाख देते. न घेता दावा चालवला आणि प्राधिकरणाने २० टक्के चूक धरली तरी २९,०५,५२० होतात. अर्जाच्या तारखेपासून ७ टक्क्यांनी तीन वर्षांचे सरळ व्याज ६,१०,१५९. मिळून ३५ लाखांच्या वर. म्हणजे २५ लाखांचा देकार ३० टक्के चुकीचा दिसत असला तरी व्याज धरले की तो कंपनीला त्याहून बराच स्वस्त पडतो. साक्षीदार नसेल, केस पेपरवर ‘घसरून’ लिहिले असेल, तर २५ घ्यावेत. पंचनामा आपल्या बाजूचा असेल तर घेऊ नयेत.

दवाखान्यात भेटून ‘मिळेल त्याच्या अमुक टक्के’ बोलीवर काम घेणारी माणसे बहुधा लवकर मिटवण्याच्या बाजूची असतात. वकिलाने निकालातल्या रकमेत वाटा घेऊन फी ठरवणे बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही, ही त्यांना विचारायची गोष्ट.

लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसते. प्राधिकरणाच्या निवाड्यावर ९० दिवसांत उच्च न्यायालयात जाता येते, फक्त टक्क्याच्या मुद्द्यावरसुद्धा; मात्र वादातली रक्कम एक लाखाच्या खाली असेल तर नाही. त्यामुळे तडजोडीच्या पुरसिसीवर, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनावर, सही करण्यापूर्वी ती शांतपणे वाचावी. रक्कम अंकात आणि अक्षरात सारखी आहे का, किती दिवसांत जमा करायची ते लिहिले आहे का, उशीर झाला तर पुढे व्याज कितीने, अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, मुलांच्या नावे किती मुदत ठेव. आणि ‘व्याजासह’ लिहिले आहे की ‘व्याज धरून’, ते दोनदा पाहावे. पहिल्यात व्याज रकमेवर वेगळे मागता येते, दुसऱ्यात ते त्या रकमेतच जिरलेले असते.